थरांखालचा आवाज: मॅक्सवेलचा ‘एम्ब्रिया’ लॉसलेसमध्ये ऐकताना

१९९८ सालच्या ३० जूनला कोलंबिया रेकॉर्ड्सनं मॅक्सवेल या पंचविशीतल्या न्यूयॉर्ककर गायकाचा दुसरा अल्बम बाजारात आणला. त्याचं नाव ‘एम्ब्रिया’. पहिल्या अल्बमनं नाव कमावून ठेवलेलं असल्यामुळे लोक वाटच पाहत होते. ‘बिलबोर्ड’च्या मुख्य यादीत तो थेट तिसऱ्या क्रमांकावर दाखल झाला आणि पुढे अमेरिकेत त्याच्या दहा लाख प्रती गेल्या. एवढं होऊनही हा अल्बम दुर्लक्षितच राहिला असं मी म्हणतो, कारण तो विकत घेतला गेला त्या मानानं ऐकला गेला नाही. समीक्षक नाराज होते. गाण्यांना आकार नाही, चाली डोक्यात राहत नाहीत, शब्द कळत नाहीत, शीर्षकं उगाच लांबलचक आणि गूढ आहेत, असे आक्षेप होते. दोनच महिन्यांनी, ऑगस्टमध्ये, लॉरिन हिलचा ‘द मिसएज्युकेशन ऑफ लॉरिन हिल’ आला. पुढच्या फेब्रुवारीत त्यानं पाच ग्रॅमी पुरस्कार मिळवले आणि त्या वर्षाच्या सोल संगीताबद्दलचं बहुतेक सगळं बोलणं त्याच्याभोवती फिरू लागलं. मॅक्सवेलचा अल्बम मागे पडला.

वर्षभरात आणखी एक गोष्ट घडली. जून १९९९ मध्ये ‘नॅपस्टर’ सुरू झालं आणि जगभरचे लोक एमपीथ्री फायलींची देवघेव करू लागले. गाणं कसं ऐकू येतं यापेक्षा ते किती पटकन उतरवून घेता येतं याला महत्त्व आलं. सेकंदाला १२८ किलोबिटची फाइल हा त्या काळातला सर्वसाधारण दर्जा होता. तेव्हा वीस-बावीस वर्षांच्या असलेल्या कितीतरी लोकांची ‘एम्ब्रिया’शी ओळख अशाच फायलींतून झाली, आणि त्यांना समीक्षकांचं म्हणणं पटलं तर त्यात नवल नव्हतं. त्या फायलींत हा अल्बम खरोखरच धूसर, एकसुरी वाटतो.

मूळचा एकही बिट न गमावलेली प्रत, म्हणजे ज्याला आपण लॉसलेस म्हणतो ती, बऱ्या हेडफोनवर शांतपणे ऐकली की हा आक्षेप टिकत नाही. ‘एम्ब्रिया’च्या गाण्यांना आकार आहे. मात्र तो चालीच्या चढउतारात शोधायचा नाही. एकावर एक चढवलेल्या आवाजांच्या थरांत तो सापडतो. थर वेगळे ऐकू आले की गाणी उभी राहतात, थर एकमेकांत चिकटले की कोसळतात. ध्वनीच्या दर्जावर इतकं अवलंबून असलेले अल्बम फार नसतात, आणि म्हणूनच हे उदाहरण नीट समजून घेण्यासारखं आहे.

मॅक्सवेलचा जन्म २३ मे १९७३ चा, न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातला. वडील पोर्तो रिकोचे, आई हैतीची. तो अगदी लहान असताना वडील विमान अपघातात गेले. ‘मॅक्सवेल्स अर्बन हँग स्वीट’ हा त्याचा पहिला अल्बम तयार होऊनही कंपनीकडे बराच काळ पडून होता. २ एप्रिल १९९६ ला तो अखेर निघाला. एका प्रेमप्रकरणाची पहिल्या भेटीपासून लग्नाच्या मागणीपर्यंतची कथा त्यात क्रमानं येते. त्याच्या आधीच्या वर्षी डिअँजेलोचा ‘ब्राउन शुगर’ आला होता, नंतरच्या वर्षी एरिका बाडूचा ‘बाडुइझम’ आला. या सगळ्यांना एकत्र बांधण्यासाठी केडार मॅसेनबर्ग या संगीत व्यावसायिकानं ‘निओ-सोल’ हे नाव रूढ केलं. सत्तरच्या दशकातल्या सोल संगीतातला वाद्यांचा जिवंतपणा, त्यावर हिप-हॉपची बसकी लय आणि गायकाचं स्वतःचं, कंपनीनं न आखलेलं लेखन, असा या प्रकाराचा साधारण तोंडवळा. स्वतः या कलाकारांपैकी अनेकांना ते लेबल फारसं रुचलं नाही, तो भाग निराळा.

‘एम्ब्रिया’च्या संदर्भात एका माणसाचं नाव मात्र अधिक महत्त्वाचं आहे: स्टुअर्ट मॅथ्यूमन. साडे या ब्रिटिश वाद्यवृंदाचा हा गिटारवादक आणि सॅक्सोफोनवादक. साडेचं संगीत ज्यांनी ऐकलंय त्यांना ठाऊक असेल की त्यात वाद्यं कमी असतात आणि प्रत्येक वाद्याभोवती मोकळी जागा ठेवलेली असते. मॅथ्यूमननं ती शिस्त मॅक्सवेलकडे आणली. ‘म्यूझ’ या टोपणनावानं मॅक्सवेल स्वतः निर्माता झाला आणि मॅथ्यूमन त्याचा जोडीदार. पहिल्या अल्बममध्ये त्यांनी मोकळी जागा राखली होती. दुसऱ्यात त्यांनी उलट केलं आणि ती जागा भरली. तंतुवाद्यांचे समूह, सरकत राहणारी बेस गिटार, विद्युत पियानो, दूरवर ठेवलेली गिटार, आणि सगळ्यात जास्त म्हणजे मॅक्सवेलचा स्वतःचाच आवाज. तो वरच्या पट्टीतल्या हलक्या, नाजूक आवाजात गातो. तेच गाणं पुन्हा पुन्हा ध्वनिमुद्रित करून त्याच्या अनेक प्रती एकमेकांशेजारी ठेवलेल्या आहेत.

ही युक्ती कुठून आली याचीही कथा आहे. १९७० मध्ये मार्विन गे डेट्रॉइटमध्ये ‘व्हॉट्स गोइंग ऑन’ ध्वनिमुद्रित करत होता. शीर्षकगीताचं मुख्य गायन त्यानं दोनदा केलं होतं, आणि त्यातलं कुठलं ठेवायचं हे ठरवता यावं म्हणून केन सँड्स या तंत्रज्ञानं दोन्ही एकत्र वाजवून दाखवली. मार्विनला ती तशीच, दोन्ही एकदम आवडली. तिथून त्यानं स्वतःच्याच आवाजाशी बोलायची एक शैली घडवली. एक आवाज ओळ गातोय, दुसरा तिला उत्तर देतोय, तिसरा मागे फक्त सुस्कारा टाकतोय. १९७६ चा ‘आय वाँट यू’ हा त्या शैलीचा कळस. तो अल्बम घडवणारा लिऑन वेअर वीस वर्षांनी मॅक्सवेलच्या पहिल्या अल्बममधल्या ‘समथिन समथिन’ या गाण्याचा सहलेखक झाला. म्हणजे ही परंपरा मॅक्सवेलला नुसती तबकड्या ऐकून मिळालेली नव्हती. ती घडवणाऱ्या माणसाच्या शेजारी बसून तो शिकला होता.

‘एम्ब्रिया’मध्ये ही शैली टोकाला जाते. शीर्षकांवरूनच दिशा कळते. ‘जेस्टेशन: मिथॉस’, ‘ड्राउनडीप: हुला’, ‘सबमर्ज: टिल वी बिकम द सन’. गर्भ, खोल बुडणं, पाण्याखाली जाणं. अल्बमची संकल्पनाच जलमय आहे, आणि ध्वनीची रचना तिला धरून केलेली आहे. मुख्य आवाज पुढे आणून वाद्यं मागे ठेवायची हा लोकप्रिय संगीताचा सर्वमान्य नियम. इथं मुख्य आवाज वाद्यांच्या पातळीवर आणून ठेवलाय, कित्येकदा थोडा खालीही. शब्द कळत नाहीत ही तक्रार त्यातूनच आली. पण शब्द पुसट ठेवणं हा निर्णय होता, आणि माझ्या मते तो बरोबर होता. हे गाणं ऐकणाऱ्याला काही सांगण्यासाठी रचलेलं नाही, त्याला आत ओढून घेण्यासाठी रचलेलं आहे.

‘एव्हरवाँटिंग: टू वाँट यू टू वाँट’ हे सात मिनिटांहून लांब गाणं घ्या. वरवर पाहता त्यात फारसं काही घडत नाही. लय एकदा धरली की शेवटपर्यंत तीच. नीट ऐकलं की लक्षात येतं की गाणं बेस गिटार पुढे नेतेय. ती ठेका देऊन थांबत नाही, स्वतःची चाल गाते. मॅक्सवेलचे आवाज तिच्याभोवती फिरतात. एक डावीकडे, एक उजवीकडे, एक मधोमध पण मागे. यातला एखादा आवाज फक्त शब्दाच्या शेवटच्या स्वराला येऊन मिळतो आणि निघून जातो. ‘लक्झरी: कोकोक्युअर’मध्ये तंतुवाद्यं तेच काम करतात. ‘मॅट्रिमनी: मेबी यू’ त्यातल्या त्यात उजळ आणि चपळ. ‘आरोस कोन पोयो’ हा छोटासा, जवळजवळ निव्वळ वाद्यमय तुकडा, नाव पोर्तो रिकोच्या घराघरात शिजणाऱ्या कोंबडी-भाताचं. बापाच्या मुलखाची एवढीच खूण त्यानं अल्बममध्ये ठेवलीये. ‘नो दीज थिंग्ज: शुडन्ट यू’ हे माझ्या लेखी अल्बममधलं सर्वांत सुंदर गाणं. मंद गती, तंतुवाद्यांचा विस्तार आणि त्यात जवळजवळ विरघळलेला गळा. गाण्यात श्वास घेण्याचा आवाजही रचनेचा भाग आहे. तो ऐकू आला नाही तर ओळींमधल्या जागा निव्वळ रिकाम्या वाटतात.

आणि नेमक्या याच गोष्टी एमपीथ्रीला नको असतात.

एमपीथ्रीचं तंत्र जर्मनीत घडलं. एर्लांगेन इथल्या फ्राउनहोफर संस्थेतल्या संशोधकांनी, त्यात कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग प्रमुख, ते विकसित केलं. १९९३ मध्ये त्याचं प्रमाणक प्रकाशित झालं, आणि फायलींना ‘एमपीथ्री’ हे शेपूट १९९५ च्या जुलैत लागलं. त्यामागचा विचार अतिशय हुशारीचा आहे, त्याची टवाळी करणं अन्याय होईल. माणसाचा कान सगळं ऐकत नाही. एखादा मोठा आवाज चालू असताना त्याच्या जवळपासच्या कंप्रतेचा हलका आवाज आपल्याला जाणवत नाही. याला आच्छादन म्हणता येईल. मोठ्या आवाजाच्या लगेच आधीचे आणि नंतरचे काही क्षणही असेच झाकले जातात. मग जे ऐकूच येणार नाही ते लिहून ठेवायचं कशाला? एमपीथ्रीचा कूटक, म्हणजे फाइल तयार करणारी आज्ञावली, ध्वनीचे लहान तुकडे करतो, प्रत्येक तुकड्याची ५७६ कंप्रता-पट्ट्यांत विभागणी करतो, आणि कानाच्या एका गणिती प्रतिरूपाच्या आधारे ठरवतो की कुठल्या पट्टीला किती बिट द्यायचे. झाकल्या गेलेल्या आवाजांना कमी बिट मिळतात. ते ढोबळ आकड्यांत लिहिले जातात, काही तर शून्यच होतात. सीडीवर दर सेकंदाला १४ लाखांवर बिट लागतात. १२८ किलोबिटच्या फाइलमध्ये त्यांच्या अकराव्या हिश्श्यात भागतं.

तंत्र घासूनपुसून घेताना ब्रांडेनबुर्ग यांनी सुझान व्हेगाचं ‘टॉम्स डायनर’ हे गाणं वापरलं होतं. त्यात एकही वाद्य नाही, फक्त एका बाईचा उघडा आवाज. सुरुवातीच्या कूटकातून तो अतिशय वाईट ऐकू आला. उघड्या आवाजाला झाकायला शेजारी काहीच नसतं, त्यामुळे प्रत्येक चूक समोर येते. त्या गाण्यावर पुन्हा पुन्हा काम करून त्यांनी पद्धत सुधारली.

‘एम्ब्रिया’ हे याच्या अगदी दुसऱ्या टोकाचं कोडं आहे. इथं झाकणारे आवाज भरपूर आहेत. कूटकाच्या दृष्टीनं ही पर्वणीच: तंतुवाद्यांमागे गेलेला गळा झाकला गेला, त्याचे बिट वाचवा. बेसच्या पडद्यामागची गिटार झाकली गेली, तिचेही वाचवा. पण या अल्बममध्ये झाकलेले आवाज हेच तर संगीत आहे. मॅक्सवेल आणि मॅथ्यूमन यांनी ते ऐकू येण्याच्या आणि न येण्याच्या सीमेवर नेऊन ठेवले होते, आणि गणित नेमकी तीच सीमा गृहीत धरून काटछाट करतं. त्यात १२८ किलोबिटवर साधारण १६ हजार हर्ट्झच्या वरचा भाग बहुतेक कूटक सरळ कापून टाकत. डाव्या-उजव्या बाजूंतला फरकही काटकसरीनं लिहिला जाई. तो फरक ढोबळ झाला की शेजारी-शेजारी उभे असलेले एकाच गळ्याचे चार आवाज मधोमध येऊन एकमेकांवर पडतात. तंबोऱ्याची जवारी नीट लागलेली नसली तर षड्ज चुकत नाही, तरी त्यातून उमटणारा गंधार नाहीसा होतो. १२८ किलोबिटवरच्या ‘एम्ब्रिया’चं तसं झालं होतं. स्वर सगळे जागेवर, आणि स्वरांतून उमटणारं नाहीसं झालेलं.

यातली सर्वांत विलक्षण गोष्ट अशी की हा अल्बम मुळात लॉसलेसच होता. १९९८ मध्ये दुकानातून ज्यानं सीडी विकत घेतली त्याच्या हातात सेकंदाला ४४,१०० नमुने, प्रत्येक नमुना १६ बिटचा, डाव्या आणि उजव्या अशा दोन वाहिन्या, इतकी पूर्ण नोंद होती. सोनी आणि फिलिप्स यांनी १९८२ मध्ये बाजारात आणलेलं ते प्रमाणक होतं. माणसाला जास्तीत जास्त २० हजार हर्ट्झच्या आसपास ऐकू येतं. हॅरी नायक्विस्ट आणि क्लॉड शॅनन यांच्या कामातून सिद्ध झालेलं गणित सांगतं की एखादी कंप्रता पूर्णपणे पुन्हा उभी करायला तिच्या दुपटीहून अधिक नमुने पुरतात. दोन नमुन्यांमधली जागा रिकामी राहते, आवाज पायऱ्यापायऱ्यांचा होतो, हा समज चुकीचा आहे. लहर गुळगुळीत आणि तंतोतंत परत मिळते. मधल्या पंधरा-वीस वर्षांत आपण आधी डाउनलोड आणि मग इंटरनेटवरचं प्रवाही संगीत यांच्या सोयीसाठी ही पूर्ण नोंद सोडून दिली, आणि आता ती नवी चैन म्हणून परत घेतोय.

परत घेण्याचं मुख्य साधन म्हणजे ‘फ्लॅक’. जॉश कोअलसन या संगणक अभियंत्यानं ते लिहायला घेतलं आणि जुलै २००१ मध्ये त्याची पहिली पक्की आवृत्ती सर्वांसाठी विनामूल्य खुली केली. २०२४ च्या डिसेंबरमध्ये त्याला इंटरनेटच्या अधिकृत प्रमाणकाचा दर्जाही मिळाला. त्याचं काम मला आजही चमत्कारासारखं वाटतं. एमपीथ्री विचारतं, यातलं काय ऐकू येणार नाही? फ्लॅक विचारतं, यातलं काय आधीच ओळखता येईल? ध्वनीची लहर सहसा एकदम उडी मारत नाही, तिला कल असतो. समजा लागोपाठचे तीन नमुने १०००, १०४० आणि १०८० आहेत. पुढचा ११२० च्या आसपास असेल हा अंदाज कोणीही करेल. प्रत्यक्षात तो १११७ निघाला, तर फ्लॅक १११७ हा आकडा लिहीत नाही, ‘उणे ३’ एवढंच लिहितं. वाजवणाऱ्या यंत्राला अंदाजाचा नियम ठाऊक असतो. ते ११२० काढतं, त्यातून ३ वजा करतं आणि मूळ आकडा जसाच्या तसा मिळवतं. लहान आकडे कमी बिटांत बसवण्याची एक खास लेखनपद्धत आहे, ती वापरून फाइल साधारण निम्म्या ते दोन-तृतीयांश आकाराची होते. डावी आणि उजवी वाहिनी सारखी असेल तिथं फक्त फरक नोंदवला जातो, पण तोही पूर्ण. आणि फाइलच्या सुरुवातीलाच मूळ ध्वनीची एक गणिती मुद्रा लिहून ठेवलेली असते. पन्नास वर्षांनीही कुणी फाइल उघडून त्या मुद्रेशी ताडून पाहू शकेल की एकही आकडा हललेला नाही. एका तासाचं सीडी दर्जाचं संगीत सुमारे ६३५ मेगाबाइटचं असतं. फ्लॅकमध्ये ते साडेतीनशे-चारशेच्या घरात बसतं आणि त्यातून ६३५ च्या ६३५ परत मिळतात.

लॉसलेसचा प्रचार करताना अनेकजण भलतेच दावे करतात आणि त्यामुळे खरी गोष्टही संशयास्पद होते, म्हणून काही मर्यादा स्पष्ट सांगायला हव्यात. १२८ किलोबिट आणि लॉसलेस यांतला फरक ‘एम्ब्रिया’सारख्या अल्बमवर कुठल्याही बऱ्या हेडफोनवर ऐकू येतो. ३२० किलोबिटची चांगली फाइल आणि लॉसलेस यांतला फरक, कुठली कुठली आहे हे न सांगता ऐकवल्यास, बहुतेकांना ओळखता येत नाही. सीडीच्याही वरच्या, २४ बिट आणि ९६ किंवा १९२ किलोहर्ट्झच्या आवृत्त्यांबद्दल तर अधिकच सावध राहावं. ब्रॅड मेयर आणि डेव्हिड मोरन यांनी २००७ मध्ये ऑडिओ इंजिनिअरिंग सोसायटीच्या नियतकालिकात एक प्रयोग प्रसिद्ध केला. त्यांनी उच्च दर्जाचा ध्वनी मधूनच सीडीच्या दर्जातून फिरवून आणला आणि श्रोत्यांना फरक ओळखायला सांगितलं. ५५४ वेळा केलेल्या चाचणीत अचूक उत्तरांचं प्रमाण जवळपास ५० टक्के होतं, म्हणजे नाणं उडवल्यासारखं. २४ बिटचा खरा उपयोग स्टुडिओत ध्वनिमुद्रण आणि मिश्रण करताना होतो. घरी ऐकायला १६ बिटची ९६ डेसिबलची व्याप्ती भरपूर झाली.

मग ज्याच्याकडे ३२० किलोबिट आहे त्यानं लॉसलेसच्या मागे का लागावं? माझं उत्तर जपणुकीचं आहे. एमपीथ्रीवरून दुसरी फाइल केली की गळती पुन्हा होते, ब्लूटूथवरून पाठवली की आणखी एकदा होते. फोनमध्ये लॉसलेस फाइल असली तरी साध्या बिनतारी हेडफोनकडे जाताना ध्वनी पुन्हा दाबला जातो, हे पुष्कळ लोकांना माहीतच नसतं. लॉसलेस घ्यायचं तर तारेचे हेडफोन घ्यावेत. फोनला जॅक नसेल तर हजार-दीड हजार रुपयांचा छोटा डिजिटल-अ‍ॅनालॉग परिवर्तकही चांगलं काम करतो. सोन्याच्या तारा आणि लाखांचे स्पीकर यांची या अल्बमला गरज नाही. खोलीतला पंखा बंद करण्यानं जास्त फरक पडतो.

बिटांहून मोठा फरक मास्टरिंगचा, म्हणजे प्रकाशनाआधी ध्वनीवर फिरवलेल्या शेवटच्या हाताचा. नव्वदीच्या उत्तरार्धापासून सीडी अधिकाधिक मोठ्या आवाजाची करायची स्पर्धा लागली. हळू आणि मोठ्या आवाजातलं अंतर दाबून सगळंच मोठं केलं जाई, लहरींची टोकं छाटली जात. रेड हॉट चिली पेपर्सचा १९९९ चा ‘कॅलिफोर्निकेशन’ आणि मेटॅलिकाचा २००८ चा ‘डेथ मॅग्नेटिक’ ही त्याची कुप्रसिद्ध उदाहरणं. अशी छाटलेली लहर लॉसलेसमध्ये छाटलेलीच राहते, कारण लॉसलेस फक्त जे दिलं ते इमानानं पोचवतं. म्हणून फाइलवर लॉसलेसचा शिक्का पाहण्याआधी कुठली आवृत्ती आहे हे पाहावं. ‘एम्ब्रिया’च्या दोन मुख्य आवृत्त्या आहेत: १९९८ ची मूळ सीडी आणि विसाव्या वर्षपूर्तीला, २०१८ मध्ये, नव्यानं मास्टर करून निघालेली. दोन्ही शेजारी ठेवून ऐकायच्या असतील तर आधी दोन्हींची आवाजाची पातळी सारखी करून घ्यावी. एक डेसिबलनं मोठी असलेली प्रत आपल्या कानाला नेहमी चांगलीच वाटते, आणि हा कानाचा धर्म आहे, संगीताचा गुण नव्हे. जुनी सीडी रद्दीच्या दुकानात किंवा एखाद्या मित्राच्या कपाटात सापडली तर सोडू नये. तिच्यावरून स्वतः फ्लॅक करून घेता येतं.

२०१८ च्या पुनर्प्रकाशनाच्या वेळी अल्बमबद्दलचं लेखन बदललेलं होतं. ज्या गोष्टींना दोष म्हटलं गेलं होतं त्याच आता गुण म्हणून लिहिल्या जात होत्या. मधल्या काळात कानही तयार झाले होते. २०११-१२ च्या सुमारास द वीकेंड आणि फ्रँक ओशन यांच्या संगीतानं धूसर वातावरण, मागे ढकललेला गळा, आकार मोडलेली गाणी यांची सवय लावली होती. त्या पिढीनं मागे वळून पाहिलं तेव्हा ‘एम्ब्रिया’ तिला ओळखीचा वाटला. प्रवाही सेवांचंही पाऊल याच सुमारास पडत गेलं. टायडलनं २०१४ पासून, अ‍ॅपल म्युझिकनं २०२१ पासून जादा पैसे न घेता, आणि स्पॉटिफायनं २०२५ च्या सप्टेंबरपासून लॉसलेस द्यायला सुरुवात केली. मॅक्सवेल स्वतः दरम्यान सावकाश चालला. २००१ मध्ये ‘नाउ’, मग तब्बल आठ वर्षांनी ‘ब्लॅकसमर्सनाइट’. दोन्ही अल्बम यादीत पहिल्या क्रमांकावर गेले, दोन्ही ‘एम्ब्रिया’पेक्षा सरळ आणि सोपे आहेत. इतक्या खोल पाण्यात तो पुन्हा उतरला नाही, याची मला हळहळ वाटते.

ज्याला हा अल्बम लागला त्यानं त्याच वाटेनं आणखी थोडं पुढे जावं. साडेच्या गायिकेशिवाय उरलेल्या वाद्यवृंदानं ‘स्वीटबॅक’ या नावानं १९९६ मध्ये अल्बम काढला, त्यातल्या ‘सॉफ्टली सॉफ्टली’मध्ये मॅक्सवेलच गातो. तिथं ‘एम्ब्रिया’च्या ध्वनीची पहिली चाहूल मिळते. मिशेल एन्डेगेओसेलोचा १९९९ चा ‘बिटर’ अतिशय हळू आवाजातला आहे. तोही दाबलेल्या फाइलमध्ये सपाट होतो आणि पूर्ण नोंदीत वाद्यांच्या तारांवरची बोटं ऐकवतो. आणि डिअँजेलोचा जानेवारी २००० मधला ‘वूडू’. न्यूयॉर्कच्या इलेक्ट्रिक लेडी स्टुडिओत, रसेल एलेव्हाडो या तंत्रज्ञानं जुन्या यंत्रांवर, चुंबकीय फितीवर ध्वनिमुद्रित केलेला. त्यातही गळा वाद्यांत पुरलेला आहे आणि त्याबद्दलही तेव्हा कुरकुर झाली होती. ऑक्टोबर २०२५ मध्ये डिअँजेलो गेला. त्यानंतर तो अल्बम अनेकांनी पुन्हा काढून ऐकला असेल. त्याच्या शेजारी ‘एम्ब्रिया’ ठेवून ऐकावा, पहिलं गाणं ‘जेस्टेशन: मिथॉस’पासून, मधलं एकही न गाळता, कारण तासाभराच्या या अल्बममध्ये गाणी एकमेकांसाठी जागा करत जातात आणि ‘नो दीज थिंग्ज’पर्यंत पोचेस्तोवर कान त्या खोलीला सरावलेला असावा लागतो.